कमल लघाटेचा ‘ल’

दरवर्षी पंधरा जूनला सकाळी आठ वाजता कमल लघाटे नदी निरीक्षण कार्यालयाच्या पूर नियंत्रण कक्षात जाऊन बसायची आणि पंधरा ऑक्टोबरला दुपारी चार वाजता तिथून उठायची. मधले चार महिने ती सरकारी माणूस. उरलेले आठ महिने झाशीतल्या इलाइट चौराह्याजवळच्या एका छापखान्यात पुस्तकांना शिलाई मारणारी बाई. १९८७ सालापासून हे असंच चाललं होतं आणि कमलला त्यात काही वावगं वाटत नव्हतं. इतरांच्या नोकरीला रविवारची सुट्टी असते, आपल्या नोकरीला हिवाळ्या-उन्हाळ्याची आहे, असं ती हसत सांगायची.

काम सोपं होतं, पण डोळ्यांत तेल घालून करायचं. बेतवा नदीवर ठिकठिकाणी पाण्याची उंची दाखवणाऱ्या पट्ट्या रोवलेल्या होत्या. त्यातली एरच गावच्या घाटावरची पट्टी कमलच्या वाट्याला आली होती. एरचच्या चौकीवरचा माणूस दर तासाला घाट उतरायचा, पाणी कुठवर आलंय ते बघायचा आणि झाशीला फोन करायचा. कमलने तो आकडा रजिस्टरात उतरवायचा, पाणी लाल निशाणाच्या किती खाली आहे ते लिहायचं आणि शेवटच्या रकान्यात कळवणाऱ्याचं नाव घालायचं. पाणी भराभर चढू लागलं, तर साहेबांना आणि काठच्या गावांना फोन लावायचे. रजिस्टर अर्थात हिंदीत.

एरचहून बोलणाऱ्या माणसाचं नाव होतं श्रीकृष्ण. तोही तिच्यासारखाच हंगामी. पहिले दोन महिने दोघं अगदी सरकारी हिंदीत बोलत होती. “हलो झाँसी, एरच बोल रहे हैं.” “हाँ जी एरच, बताइए.” आणि एका दुपारी आकडा सांगता सांगता तिकडून एकदम ओरडणं ऐकू आलं, “आई गं! मेलो! साप!”

कमल खुर्चीतून अर्धी उठली. “चावला का?”

तिकडे खुर्ची करकरली. मग आवाज आला, “तुम्ही मराठी?”

“चावला का ते आधी सांगा!”

“नाही हो. तोही घाबरलाय. टेबलाखाली बसलाय.”

कमलला हसू आवरेना. बाजूला बसलेले मुख्य कारकून बडे बाबू चष्म्यावरून बघायला लागले. त्या दिवसापासून आकडे हिंदीत आणि बाकीचं मराठीत, असं ठरून गेलं. बाकीचं म्हणजे तरी काय? एक-दोन वाक्यं. आज इकडे आभाळ दाटलंय. आज आईने मोदक केलेत. श्रीकृष्णच्या घराण्याचं आडनाव मोहिते. पूर्वज पेशव्यांच्या फौजेबरोबर बुंदेलखंडात आले आणि इथलेच होऊन राहिले. कमलचे पूर्वज त्याच काळात कारकुनीला आणि देवळाच्या पूजेअर्चेला आले. दोघांच्याही घरात मराठी होती, पण दाराबाहेर पाऊल टाकलं की बुंदेली नि हिंदी. त्यामुळे तासाला दोन वाक्यं मराठीत बोलायला मिळणं ही कमलला चैनच वाटायची. पंधरा ऑक्टोबरला चौकीचा फोन बंद व्हायचा, तो पुढच्या पंधरा जूनपर्यंत. अकरा पावसाळे ती दोघं बोलली. भेटली मात्र एकदाही नाहीत.

१९९८ च्या एप्रिलमध्ये छापखान्यात एक काम आलं. नदी निरीक्षण कार्यालयाचे अर्जाचे फॉर्म छापून, शंभर-शंभरचे गठ्ठे शिवून द्यायचे होते. कमलने पहिला गठ्ठा पुढ्यात ओढला, सुईत दोरा ओवला आणि सहज वरची ओळ वाचली. पूर नियंत्रण कक्षासाठी आणि चौक्यांसाठी अस्थायी सहायक कर्मचाऱ्यांची नवी भरती. वय अठरा ते तीस.

कमल एकोणचाळीस वर्षांची होती. तिने तो गठ्ठा शिवला, कारण काम हातात होतं. मग दुसरा शिवला. तिसऱ्याला सुई बोटात गेली, तेव्हा ती उठली, मालकाला सांगून चप्पल पायात सरकवली आणि तडक कार्यालय गाठलं.

बडे बाबू तिथेच बसलेले होते. माणूस वाईट नव्हता, पण साहेबांच्या खोलीची घंटा वाजली की त्याच्या पाठीचा कणा मऊ व्हायचा. कमलला बघून ते फायलीत डोकं घालून बसले.

“बडे बाबू, ये नई भर्ती क्या है?”

“ऊपर से आदेश है, कमलजी.”

“नई जगहें पक्की हैं?”

“नहीं जी. वो भी अस्थायी. चार महीने की.”

“यानी हम भी कच्चे, वो भी कच्चे. तो हमें हटाकर उन्हें क्यों? हमसे कोई गलती हुई?”

बडे बाबूंनी इकडेतिकडे पाहिलं आणि आवाज खाली आणला. “गलती की बात नहीं है. आप लोग कागज़ पर हैं ही नहीं. आपको कभी चिट्ठी दी गई थी? नहीं ना? तो फिर?”

खरंच दिली नव्हती. दर जूनला निरोप यायचा, “कमलजी को बुलाओ,” आणि कमल जायची. आपण अकरा वर्षं कागदावरच तर लिहीत होतो, आणि आपण स्वतःच कागदावर नाही, हे तिला घरी पोचेपर्यंत उमगत राहिलं. कक्षात तिच्यासारखे आणखी पाचजण होते. तिने पाचही जणांची दारं ठोठावली. सगळे हळहळले, पण भांडायला कोणी तयार होईना. “कमलजी, सरकार से कौन उलझे?”

घरी तिची आई, इंदुमतीबाई, सुपात गहू घेऊन बसल्या होत्या. सगळं ऐकून त्यांनी एकच विचारलं, “आणि तुझ्या त्या एरचवाल्याचं काय?”

“तोही जाणार.”

“त्याला कळलंय?”

कमल थबकली. चौकीचा फोन बंद होता. पत्र पोचून उत्तर येईपर्यंत फार उशीर झाला असता. दुसऱ्या दिवशी सकाळच्या बसने ती एरचला निघाली.

मोंठ गावाच्या पुढे बस वळली आणि धुरळा उडवत एरचला जाऊन थांबली. चौकीला कुलूप होतं. घाटावर उतरली तर नदी उन्हाळ्याने बारीक होऊन पार मध्यावर गेलेली, आणि अलीकडे वाळूत खरबुजांचे हिरवे वेल पसरलेले. वेलांमधून एक माणूस गाढवाला हाकलत होता, “हट्! हट्! सगळं तुझ्या बापाचं आहे काय रे?”

तो आवाज कमलने कुठेही ओळखला असता. माणूस मात्र तिच्या मनातल्या माणसाशी जुळेना. आवाजावरून तिने उंच, रुंद छातीचा गडी धरला होता. हा तर तिच्याच उंचीचा निघाला, डोक्याला गमछा, मिशीत थोडं पांढरं.

“जरा थांबा,” ती म्हणाली. “मोहिते ना?”

माणूस वळला. हातातली काठी वाळूत पडली. गाढवाने तेवढ्यात एक खरबूज पळवलं, पण तिकडे त्याचं लक्षच नव्हतं.

“झाशी?” तो म्हणाला. मग स्वतःच ओशाळला. “म्हणजे... कमलजी?”

“हो. मी झाशी.”

दोघंही मोठ्याने हसली. मग काय बोलावं ते दोघांनाही सुचेना. फोनवर बरं होतं, आकडा होता. शेवटी श्रीकृष्णने विचारलं, “पट्टी बघायचीय?” आणि तो तिला घाटाच्या भिंतीपाशी घेऊन गेला. पांढऱ्या पट्टीवर काळ्या खुणा, आणि कमलच्या डोक्याच्याही खूप वर एक लाल रेघ. कमलने मान वर करून पाहिलं. त्या रेघेच्या खाली किती, एवढंच ती अकरा वर्षं लिहीत आली होती. ती रेघ इतक्या उंचावर असेल हे तिला कधी वाटलंच नव्हतं.

“चौऱ्याण्णव साली हिच्याही वर गेलं होतं,” श्रीकृष्ण म्हणाला. “तुम्ही ‘खालची गल्ली आत्ताच्या आत्ता रिकामी करा’ म्हणालात. साहेबांच्या हुकमाची वाट पाहिली असती, तर तिथल्या जुबैदा आपा आज नसत्या.”

कमलने मग भरतीची सगळी हकीकत सांगितली. श्रीकृष्णने एक खरबूज फोडून तिच्यापुढे ठेवलं आणि शांतपणे ऐकून घेतलं. तोंडाने म्हणाला एवढंच, “मग चला. आपांकडेच जाऊ. त्यांचा भाऊ इलाहाबादला वकील आहे.”

जुबैदा आपा खालच्या गल्लीत राहणाऱ्या साठीच्या बाई. कमल म्हणजे कोण हे कळताच त्यांनी तिला दोन्ही हातांनी जवळ घेतलं. “तो ये है वो आवाज़!” भाऊ नसीम कुरेशी चार दिवसांसाठी घरी आलेलेच होते. त्यांनी चहाचा पेला बाजूला ठेवून दोघांचं म्हणणं नीट ऐकलं, मधूनमधून प्रश्न विचारले आणि शेवटी गुडघ्यावर थाप मारली.

“मुझे एक ही बात कहनी है अदालत में,” ते म्हणाले. “काम वही है, मौसम वही है, नदी वही है. एक कच्चे आदमी को हटाकर उसकी जगह दूसरा कच्चा आदमी नहीं बिठाया जा सकता. पक्की भर्ती करनी है तो शौक से करें, उसमें ये लोग भी बैठेंगे. बाकी अल्लाह मालिक.” फीचा विषय कमलने काढताच आपांनीच तिला गप्प केलं.

मेच्या पहिल्या आठवड्यात याचिका दाखल झाली. कमल आणि श्रीकृष्ण, दोघांचीच नावं. न्यायालयाने कार्यालयाकडून उत्तर मागवलं, आणि ते उत्तर कुरेशी वकिलांनी टपालाने कमलला पाठवलं. तिने ते उभ्या-उभ्याच वाचलं. पहिली ओळ, याचिकाकर्तीला कधीही कामावर ठेवलेलं नाही. दुसरी ओळ, रजिस्टर कायम कर्मचारीच लिहितात. तिसरी ओळ वाचून मात्र कमल खाली बसली. ‘संभव है कि गर्मियों में पानी पिलाने के लिए कभी आई हों.’ खाली शपथेवर बडे बाबूंची सही.

“आई,” ती म्हणाली, “पाणी पाजायचं काम हलकं नाही. पण मी ते केलेलं नाही. जे केलं ते मी केलं असंच लिहायला हवं.”

“मग जा नि तसं सांग,” इंदुमतीबाई म्हणाल्या. “आणि मलाही घेऊन चल. संगमावर अंघोळ करायची केव्हाची राहिलीय.”

न्यायालयाने अकरा वर्षांची मूळ रजिस्टरं हजर करायला सांगितली होती आणि याचिकाकर्त्यांनाही बोलावलं होतं. तारीख होती मेअखेरची, कोर्टाच्या उन्हाळी सुट्टीच्या आधीच्या आठवड्यातली. गाडीत इंदुमतीबाईंना खिडकी मिळाली. श्रीकृष्ण समोरच्या बाकावर, पायाशी खरबुजांची गोणी. ही कशाला, विचारलं तर म्हणाला, “वकीलसाहेबांसाठी. एरचचं आहे, इलाहाबादला असं मिळत नाही.” वाटेत त्याने इंदुमतीबाईंना तीन वेळा पाणी आणून दिलं, एकदा उशीला घडी घालून दिली, आणि महोबा गेल्यावर त्या त्याला अहोजाहो सोडून “अरे श्रीकृष्णा” म्हणायला लागल्या.

कोर्टाची खोली उंच छताची, पंखे संथ फिरणारे. न्यायमूर्ती वयस्कर, बोलायला मऊ, पण नजर चांगली धारदार. पुकारा झाला. कुरेशी वकिलांनी आपली एकच गोष्ट सांगितली, पण मुद्देसूद सांगितली. सरकारी वकील उठले. मुद्दा ठीक आहे, ते म्हणाले, पण तो कामावर असलेल्यांना लागू. या बाई कामावर होत्याच कुठे? रजिस्टरांवर ना त्यांची सही, ना नाव. ती बडे बाबूंनी लिहिली आहेत. बडे बाबू स्वतः इथे हजर आहेत.

टेबलावर लाल कापडात बांधलेला गठ्ठा सोडला गेला. न्यायमूर्तींनी एक रजिस्टर उघडलं, चार पानं उलटली, दुसरं उघडलं. कमल मागे उभी राहून मान लांब करून बघत होती. स्वतःचं अक्षर इतक्या लांबूनही तिला दिसत होतं. आपल्या घरातली भांडी दुसऱ्याच्या ओट्यावर दिसावीत तसं तिला झालं.

“साहब, मैं कुछ बोलूँ?” तिच्या तोंडून निघूनच गेलं.

कुरेशी वकिलांनी चपापून मागे पाहिलं. न्यायमूर्तींनी मान हलवली. “बोलिए.”

“इसमें जो ‘ल’ है ना, साहब, वो मेरा है.”

खोलीत खसखस पिकली. न्यायमूर्तींच्या भुवया वर गेल्या. “‘ल’ किसी एक का कैसे हो सकता है?”

आता मागे फिरण्यात अर्थ नव्हता. “साहब, हिंदीवाले ‘ल’ के दाहिनी तरफ डंडा देते हैं. हमारे मराठी ‘ल’ में डंडा नहीं होता. बीच में डंठल और दोनों तरफ एक-एक पंखुड़ी. माँ ने घर में ऐसा ही सिखाया. स्कूल में मास्टरजी काट देते थे, मैं फिर वैसा ही लिख देती थी. हाथ में बैठ गया. आप ‘जलस्तर’ देखिए. ‘लाल’ देखिए, उसमें तो दो-दो हैं.”

न्यायमूर्तींनी चष्मा सारखा केला आणि पानावर वाकले. त्यांनी पान उलटलं. आणखी एक. मग १९८७ चं रजिस्टर ओढलं, मग १९९७ चं.

“बडे बाबू,” ते म्हणाले, “एक कागज़ लीजिए. लिखिए, ‘जलस्तर लाल निशान से दो मीटर नीचे’.”

बडे बाबूंनी लिहिलं. मग तेच वाक्य कमलला लिहायला सांगितलं. तिने ते नेहमीच्या वेगाने, एका दमात लिहिलं आणि सवयीने पुढे एक रेघ ओढून ‘श्रीकृष्ण’ही लिहून टाकलं.

दोन्ही कागद रजिस्टराशेजारी ठेवले गेले. न्यायमूर्तींनी ते सरकारी वकिलांकडे सरकवले. वकिलांनी पाहून ते परत दिले. बडे बाबूंच्या लिखाणात तीनही ‘ल’ काठी टेकून उभे होते. कमलच्या लिखाणात तेच तीन ‘ल’ पाकळ्या पसरून बसले होते, आणि रजिस्टरातही पानोपानी तसेच.

“बडे बाबू?” न्यायमूर्तींनी एवढंच विचारलं.

बडे बाबूंनी खिशातून रुमाल काढला, पण कपाळ पुसलं नाही. तो हातातच धरून ते म्हणाले, “हुज़ूर, रजिस्टर कमलजी ने ही लिखा है. शुरू से. मुझसे जो लिखवाया गया, मैंने लिख दिया. ग्यारह साल ये मेरे बगल में बैठी हैं.” आणि मग, कोणी विचारलं नसताना, “आज जाकर ठीक से साँस आई.”

न्यायमूर्तींनी ते टिपून घेतलं. मग कमलने लिहिलेला कागद पुन्हा उचलला. “और ये श्रीकृष्ण कौन हैं? हर पन्ने पर हैं. हर घंटे पर हैं.”

“वो एरच की चौकी पर हैं, साहब. पानी वही नापते हैं.” कमलने मागे बोट दाखवलं. श्रीकृष्ण बाकावरून इतक्या झटकन उठला की शेजारची गोणी कलंडली आणि एक खरबूज घरंगळत थेट सरकारी वकिलांच्या पायाशी जाऊन थांबलं. शिपाई धावला. न्यायमूर्तींनी तोंडावर हात धरला, पण त्यांचे खांदे हलताना सगळ्यांना दिसले.

“तो दूसरे याचिकाकर्ता का सबूत भी इन्हीं के हाथ का लिखा हुआ है,” ते सावरून म्हणाले. “दस हज़ार बार तो लिखा ही होगा.”

हुकूम तिथेच सांगितला गेला. हंगामी माणसांना काढून त्यांच्या जागी दुसरी हंगामी माणसं बसवता येणार नाहीत. पंधरा जूनला या दोघांना, आणि त्यांच्याप्रमाणेच काम करत आलेल्या बाकीच्यांनाही, पूर्वीसारखं बोलवायचं, आणि या वेळी लेखी पत्र देऊन. पुढे कायम भरती निघेल तेव्हा यांना वयाची सवलत द्यायची. खोटं शपथपत्र कोणी लिहून घेतलं याची खात्याने चौकशी करायची, पण त्यात खरं बोललेल्या कारकुनाचा बळी द्यायचा नाही, हेही न्यायमूर्तींनी आठवणीने घातलं.

बाहेर व्हरांड्यात कुरेशी वकिलांनी डोक्यावर हात मारला. “पच्चीस साल की वकालत, और मुक़दमा जिताया एक अक्षर ने! मुझे बताया क्यों नहीं?”

“मुझे भी वहीं दिखा, वकीलसाहब,” कमल म्हणाली, आणि तिला एकदम रडू फुटलं, आणि त्यातच हसूही. श्रीकृष्णला काय करावं कळेना, म्हणून त्याने आपला गमछा पुढे केला.

संध्याकाळी ऊन उतरल्यावर तिघंही होडीतून संगमावर गेली. नदी ओसरलेली होती, पाणी कमरेइतकंच. श्रीकृष्णने इंदुमतीबाईंचा हात धरून त्यांना उतरवलं, तीन बुड्या मारेपर्यंत सोडलं नाही आणि पुन्हा होडीत बसवलं. केस पुसत त्या निवांत म्हणाल्या, “कमे, लोक वहीत देवाचं नाव लिहून लिहून पुण्य जोडतात. तू दहा हजार वेळा श्रीकृष्णाचं नाव लिहिलंस, तेही सरकारच्या वहीत. आता त्याचं फळ पदरात घ्यायचं की नाही?”

कमल पाण्यात हात घालून बसली. कान मात्र तापले.

श्रीकृष्ण होडीच्या कडेवर बसला होता. तो पाण्याकडे बघतच बोलला. “आईसाहेब, माझी तयारी गेल्या नऊ वर्षांची आहे. पण फोन सरकारी. त्यावर असलं कसं विचारणार?”

“आणि उरलेले आठ महिने?” कमल एकदम म्हणाली. “एरचला टपाल जात नाही काय? पत्र टाकता आलं असतं की!”

“माझं अक्षर वाईट आहे,” तो म्हणाला.

नावाडी हिंदीभाषक. त्याला एक शब्द कळला नाही, पण तिघं एवढी हसली की तोही हसायला लागला आणि होडी डुलू लागली.

परतीच्या गाडीत कमलने आईला हळूच विचारलं, “आपण लघाटे, ते मोहिते. नातेवाईक काय म्हणतील?” इंदुमतीबाईंनी डोळे मिटूनच उत्तर दिलं, “झाशीत मराठी बोलणारी घरं बोटांवर मोजण्याएवढी राहिलीत. त्यातही चाळण लावत बसलो तर चाळणीत राहील कोण? झोप आता.”

पंधरा जूनला कमल कक्षात गेली, तेव्हा बाकीचे पाचहीजण दारात हार घेऊन उभे होते. तिच्या नावाचं पत्र टेबलावर ठेवलं होतं. बडे बाबूंनी ते स्वतः टाइप केलं होतं आणि नावातलं प्रत्येक अक्षर दोनदा तपासलं होतं. आठ वाजून एक मिनिटाने फोन वाजला. त्या वर्षी एरचचा आकडा सांगायला श्रीकृष्णला जरा जास्त वेळ लागायचा, आणि बडे बाबू त्या वेळी न चुकता पाणी प्यायला उठायचे.

लग्न तुळशीच्या लग्नानंतर तिसऱ्या दिवशी एरचला झालं, घाटावरच्या छोट्या देवळाच्या अंगणात. हंगाम संपलेला, नदी निवळलेली. झाशीहून एक बस भरून माणसं आली, छापखान्याचा मालक आला, वकील कुरेशी इलाहाबादहून आले. मंगलाष्टकं इंदुमतीबाईंनी स्वतः म्हटली, कारण एरचच्या गुरुजींना ती येत नव्हती, आणि प्रत्येक कडव्याला अक्षता कधी टाकायच्या हे त्या मध्येच थांबून बुंदेलीत समजावून सांगत होत्या. तरी दरवेळी अर्ध्या वऱ्हाडाच्या अक्षता आधीच पडायच्या आणि हशा उठायचा.

पंगत नदीकाठी बसली. एका बाजूला पुरणपोळी, दुसऱ्या बाजूला जुबैदा आपांच्या घरून आलेल्या शेवयांची खीर. बडे बाबूंनी पहिली पुरणपोळी रोटी समजून भाजीबरोबर खाल्ली, दुसरी तुपाबरोबर खाल्ली आणि तिसरी मागून घेतली. कमल वाढायला पुढे झाली तशी आपांनी तिला खांदा धरून पुन्हा पाटावर बसवलं, “दुल्हन आज कोई काम नहीं करेगी.” श्रीकृष्ण शेजारी बसलाच होता. त्याने आपल्या पानातली पोळी मोडून तिच्या पानात ठेवली, तशी पंगतीत चिडवाचिडवी सुरू झाली, आणि पलीकडून कुरेशी वकील मोठ्याने म्हणाले, “इन दोनों को कोई नाव में बिठा दो, यहाँ तो खाने भी नहीं दे रहे लोग!”

मग खरोखरच कोणीतरी होडी सोडली. नवरानवरी त्यात बसली, ढोलकवाला उडी मारून पुढच्या टोकाला बसला, आणि पंगतीतली निम्मी माणसं खरकटे हात तसेच वर धरून काठाकाठाने त्यांच्याबरोबर चालत निघाली.